रोट कुणाच्या घरी जातो

सुपडू सर पहिल्यांदा आमच्या घरी आले, पाणी प्यायले आणि रिकामा तांब्या खाली ठेवायच्या ऐवजी खिडकीपाशी घेऊन गेले. चष्मा कपाळावर सरकवला, तांब्या उजेडात गोल फिरवला आणि त्याच्या गळ्याभोवती कोरलेली अक्षरं मोठ्याने वाचायला लागले.

"'चि. सौ. कां. सुमन हिस मामांकडून सप्रेम.' वहिनी, सुमन म्हणजे तुम्हीच ना? मामा कुठले?"

"सावद्याचे," माझी बायको म्हणाली.

"आणि मामी? मामींचं माहेर?"

मामींचं माहेर आम्हाला कुणालाच आठवेना. सरांनी आमच्याकडे असं पाहिलं, जणू आम्ही जत्रेत म्हातारं माणूस हरवून आलोय. खिशातून वही काढून त्यांनी काहीतरी टिपलं आणि विचारलं, "अजून काय काय आहे?" लग्नातल्या भांड्यांची कुणी एवढी चौकशी केली की कुठलीही बाई खुलते. सुमनने माळ्यावरून डबे काढले, कळशी काढली, ताम्हन काढलं. त्याच भरात परात आली.

"'सौ. शकुंतला हिस वडिलांकडून.' ही शकुंतला कोण?"

"मी," कोपऱ्यातल्या खुर्चीतून आवाज आला.

शकुंतलावहिनी म्हणजे माझी थोरली भावजय. त्याच दिवशी असोद्याहून आल्या होत्या. परात आमच्या मुलीच्या बारशाला म्हणून उसनी आमच्याकडे आली होती, आणि ती मुलगी आता कॉलेजात शिकवते. दुसऱ्या दिवशीच्या बसने परात असोद्याला गेली. सुमन दोन दिवस माझ्याशी बोलली नाही, कारण सरांना घरात मी घेतलं होतं.

"इतिहासात असंच होतं, भाऊ," फाटकापाशी सर मला म्हणाले. त्यांना जराही वाईट वाटलेलं नव्हतं. "जे सापडतं ते कुणाच्या ना कुणाच्या गैरसोयीचं असतं. आपण वाचायचं सोडायचं नाही."

तर हे आमचे शेजारी. शिरपूरच्या कॉलनीत त्यांच्या आणि आमच्या घरामध्ये छातीएवढी भिंत आहे. मी मूळचा असोद्याचा, नोकरी दीपनगरच्या वीजकेंद्रात केली. कंट्रोल रूममध्ये बसून काटे बघायचे, काटा लाल पट्टीत गेला तर घाबरायचं, नाही गेला तर चहा प्यायचा, एवढंच मला येतं. निवृत्त झाल्यावर मुलीच्या नोकरीमागे इथे आलो. सर धुळ्याच्या एका कॉलेजात इतिहास शिकवून निवृत्त झालेले. लग्न केलेलं नाही. घरात एक खाट, एक शेगडी, आणि उरलेल्या जागेत कागद. पाहुणा आला की त्याला बसायला ते एखादं शतक उचलून बाजूला ठेवतात.

पूर्ण नाव डॉक्टर सुपडू लोटन पाटील. कॉलेजात प्राचार्यांनी चांगल्या मनाने त्यांच्या खोलीबाहेर 'डॉ. एस. एल. पाटील' अशी पाटी लावली होती. सरांनी स्वतः रंगाचा डबा आणून ती पुसली आणि 'सुपडू' असं लिहिलं, तेही बाकीच्या अक्षरांपेक्षा मोठं. त्यांच्या वयाचे धुडकू आणि दगडू सगळे केव्हाच डी. के. आणि डी. एस. होऊन गेले. सर त्यांना भर बाजारात पूर्ण नावाने हाक मारतात. एक डी. के. त्यांना बघितलं की अजून रस्ता बदलतो.

मी एकदा धीर करून विचारलं, "सर, बदललं असतं नाव तर काय बिघडत होतं?"

"माझ्याआधी आईची तीन पोरं गेली," सर म्हणाले. "म्हणून मी जन्मलो तसं मला सुपात घातलं आणि शेजारणीला देऊन टाकलं. मग सूपभर धान्य देऊन परत घेतलं. मरणाला वाटावं, हे पोरगं फुकटचं आहे, कशाला न्यायचं. आता त्या तिघांची कुठे जन्माची नोंद नाही, मरणाची नाही. ती होती, याचा एकच पुरावा उरलाय. माझं नाव. त्याचा मी 'एस' करू?"

मी झाडांना पाणी घालायला गेलो.

पण हा माणूस दया करण्यासारखा आहे असं समजू नका. भांडखोर आहे. "कोणी सांगितलं? आणि त्याला कोणी सांगितलं?" हे दोन प्रश्न त्यांच्या तोंडात पानासारखे कायम असतात. भाजीवाला म्हणाला, वांगं आजच तोडलंय, तर कोणी सांगितलं? डॉक्टर म्हणाला, मीठ कमी करा, तर त्याला कोणी सांगितलं? एकदा आमच्याकडे भरीत होतं. मी सहज म्हणालो, भरीत खावं तर असोद्याच्या वांग्याचं. सरांनी घास खाली ठेवला.

"कोणी सांगितलं?"

"आमच्या वडिलांनी."

"त्यांना?"

"त्यांच्या वडिलांनी."

"त्यांनी दुसऱ्या गावचं वांगं कधी खाल्लं होतं?"

मी अंगावर जाणाऱ्यातला नाही, पण त्या दिवशी आवाज चढला. वीजकेंद्राच्या सायरनमध्ये तीस वर्षं बोललेल्या माणसाचा आवाज चढला की गल्ली गोळा होते. सर शांतपणे उरलेलं भरीत संपवत होते. शेवटी म्हणाले, "चव उत्तम आहे. पुरावा कच्चा आहे."

आता मूळ गोष्टीकडे येतो. त्यासाठी कानबाईबद्दल सांगायला हवं, कारण खानदेशाच्या बाहेर ती फारशी कुणाला ठाऊक नसते. श्रावणातल्या एका रविवारी आमच्याकडे घरोघर कानबाई बसते. नारळाला नथ, टिकली, मणी घालून देवी सजवतात, तिची गाणी म्हणतात आणि सोमवारी तिला वाजतगाजत नदीवर नेतात. तिच्या नैवेद्याला रोट लागतो. घरात पुरुषमाणसं किती ते मोजून डोक्यामागे गहू मापून घ्यायचा, त्याच गव्हाचं पुरणपोळीपासून खिरीपर्यंत सगळं करायचं, आणि ते फक्त भाऊबंदांनी खायचं. शेजाऱ्याला नाही, पाहुण्याला नाही, जावयाला नाही. सासरी गेलेल्या लेकीलासुद्धा नाही, कारण ती आता दुसऱ्या कुळाची. घरागणिक रीत थोडी वेगळी असते, पण परक्याच्या तोंडी रोट जात नाही, यात कुठेच सूट नसते.

सरांचं सगळं संशोधन या रोटावर उभं आहे. "कागद लिहिताना माणूस सावध असतो," ते म्हणतात. "पितळेवर नाव घालतानासुद्धा असतो. रोट वाटताना कुणी विचार करत नाही, बापाने केलं तसं करतो. म्हणून तो खरा. रोट कुणाच्या घरी जातो ते मला सांगा, मी तुमचं कूळ सांगतो." धुळे आणि जळगाव जिल्ह्यातली कितीतरी गावं त्यांनी अशी पालथी घातली आहेत. श्रावणात लोक देवळात जातात, हे लोकांच्या चुलीपुढे वही घेऊन बसतात. काही ठिकाणी त्यांना चहा मिळतो, काही ठिकाणी कुत्रं सोडतात. दोन्हीची नोंद वहीत असते.

त्यांचं स्वतःचं कूळ तापीकाठच्या एका गावातलं. गावाचं नाव सांगत नाही, मला अधूनमधून त्या रस्त्याने जावं लागतं. सर रांगत होते तेव्हा त्यांची आई गेली, पाठोपाठ वडीलही. त्यांना वाढवलं ते भाऊबंदांनी. आज या घरी जेवायला, उद्या त्या घरी. त्यातही बाजीराव आबा म्हणजे सगळ्यांत मोठे चुलतभाऊ. त्यांनी सरांना खांद्यावर बसवून शाळेत नेलं, आणि पुढे धुळ्याला कॉलेजात घालताना स्वतःचा बैल विकला. कानबाईचा रविवार हा सरांचा शर्टाला इस्त्री करायचा वर्षातला एकमेव दिवस. गावी जायचे, पंगतीत बसायचे, निम्म्या लोकांशी भांडायचे, पोटभर खायचे आणि मंगळवारी परत यायचे. मग महिनाभर भिंतीवरून आम्हाला बातम्या: अमक्याची सून आली, तमक्याचे गुडघे गेले, आबांना आता कमी ऐकू येतं पण कबूल करत नाहीत.

याच कुळात एक जगावेगळी रीत होती. सोमवारी कानबाई उठायच्या आधी रोटाचं पहिलं पान वेगळं काढायचं, फडक्यात बांधायचं आणि सातपुड्याच्या पायथ्याला एका पाड्यावर नेऊन द्यायचं. तिथे एका आदिवासी घरी. पूर्वी कुणीतरी चालत न्यायचं, आता मोटरसायकलवर नेतात. हे का करायचं, कुणालाच माहीत नव्हतं. चालत आलंय म्हणून चाललं होतं.

गेल्या वर्षी कुळदेवीच्या देवळाला नवा सभामंडप झाला. तिथे संगमरवरी फरशीवर कुळाची वंशावळ कोरायची ठरली. घरातच डॉक्टर असताना बाहेरचा कशाला, म्हणून काम सरांकडे आलं. सरांनी सहा महिने घेतले. वाचून दाखवायच्या दिवशी मला म्हणाले, "भाऊ, तुम्ही गाडी काढा. जाताना सावकाश चालवा. येताना बहुतेक आपल्याला घाई असेल."

देवळात चाळीसेक माणसं सतरंजीवर बसली होती. मधोमध आबा, पांढरा फेटा, हातात काठी. त्यांनी आधीच सांगून टाकलं की भाटाच्या पोथीत सगळं आहे, आपला मूळपुरुष मारवाडातून घोड्यावर बसून आला, कमरेला तलवार होती, तेवढं कोरलं की झालं.

आमच्याशी पुस्तकी बोलणारे सर गावात पाय ठेवला की पार बदलतात. "आबा, हाई कोन्ही सांगं?"

"भाटनी."

"आनि भाटले?"

"तेना बापनी."

"त्या भाटले दरसाल धान्य कोन देस?"

"आपुन देतस."

"मंग घोडा आपुनच इकत लिधा ना आबा!"

मागे बसलेली पोरंटोरं हसली. आबा हसले नाहीत. मग सरांनी आपला कागद उघडला. त्यांचं म्हणणं साधं होतं. रोट भाऊबंदाशिवाय कुणाला जात नाही. आपला रोट डोंगरावर जातो, आणि तोही पहिला. म्हणजे ते घर आपलं भाऊबंद आहे, आणि थोरलं आहे. आपला मूळपुरुष घोड्यावरून आला नाही, डोंगरावरून पायी उतरला. त्याचा मोठा भाऊ वरच राहिला.

सभामंडपात एकदम सगळे बोलायला लागले. एकजण म्हणाला, त्या लोकांनी आपली गुरं राखली असतील, म्हणून त्यांना देत असू.

"गुरं राखनाराले भाकर देतस," सर उभे राहून म्हणाले. "रोट देतस का? तुना घरना सालदारले दिधा का कधी रोट?"

"सुपडू," आबा म्हणाले, "तू मना आंगणमा वाढना. बठ्ठा भाऊबंदस्नी तुले खावाडं. आते आमलेच डोंगरना करी ऱ्हायना?"

"मी काय करस नही आबा. दरसाल तुम्हीच करतस. मी फक्त देखं."

मी चपला शोधायला बाहेर आलो. माझ्या अनुभवाने काटा लाल पट्टीत गेलेला होता.

आठ दिवसांनी आबा स्वतः शिरपूरला आले. एवढ्या वयाचा माणूस बसने आला, पिशवीत सरांसाठी शेतातल्या भुईमुगाच्या शेंगा घेऊन. सरांच्या घरात बसायला धड जागा नाही म्हणून दोघे आमच्या ओट्यावर बसले. सुमनने चहा दिला. बराच वेळ दोघेही शेंगा सोलत होते. मग आबा बोलले, आणि मी एका म्हाताऱ्याला भावाची एवढी मनधरणी करताना कधी पाहिलं नव्हतं.

"एक घोडा लिखी टाक ना भो. तुनं काय जास? खाले तुनं नाव टाकसूत, डॉक्टर म्हनीसन. डोंगरले रोट जाई तसा जाई. कोन्ही काही बोलाव नही. तुनं पान बी पडी."

"आनि नही लिखा तर?"

आबांनी टरफलं एका जागी गोळा केली. "भाऊबंद ऐकतस नही. यंदा डोंगरले रोट जावाव नही. आनि तुनं बी पान पडाव नही."

सर भिंतीकडे बघत होते. मला वाटलं, आता हा माणूस हो म्हणणार. एका घोड्याने कुणाचं काय बिघडणार होतं? मी असतो तर घोडाच काय, हत्ती लिहून दिला असता.

"आबा," सर म्हणाले, "माले तुम्ही कॉलेजमा घालं. कसाले घालं? खोटं लिखाले?"

आबा उठले. सरांनी त्यांच्या पायाला हात लावला, आबांनी डोक्यावर हात ठेवला, आणि दोघांपैकी कुणीही आपला शब्द मागे घेतला नाही. मी आबांना स्टँडवर सोडायला गेलो. गाडीवर मागे बसून ते सगळा रस्ता मला सांगत होते की सुपडू लहानपणी फार रडायचा.

फरशी बसली. घोडा आहे, तलवार आहे, सरांचं नाव नाही. पण सरांना त्या फरशीचं काही वाटलं नाही. त्यांचा जीव दुसऱ्याच गोष्टीवर टांगला होता.

"भाऊ, तो रोट किती पिढ्या जात होता कोण जाणे," ते मला म्हणाले. "दुष्काळात गेला, साथीत गेला, पूर आला तरी गेला. मी त्याच्यावर बोट ठेवलं आणि तो थांबला. मी गप्प बसलो असतो तर त्यांना तो मिळाला असता."

"मग लिहायचा होता घोडा," मी म्हणालो. मला राग आला होता, आबांवर की सरांवर ते ठाऊक नाही.

"घोडा लिहिला असता तर रोट गेला असता, पण तो उपकार म्हणून गेला असता. थोरल्या भावाला उपकार करतात का?" मग म्हणाले, "रोट मी करणार. मी पण त्याच कुळातला पुरुष आहे. मला कोण अडवतं बघू."

कानबाईच्या रविवारी सकाळी सातलाच भिंतीपलीकडून हाक आली, "वहिनी, पुरणाची डाळ शिजली हे कशावरून ओळखतात?"

सुमन पदर खोचून निघालीच होती. सरांनी हात आडवा केला. "तुम्ही यायचं नाही. तुमचा हात लागला तर तो रोट राहणार नाही, नुसता स्वयंपाक होईल. तिकडूनच सांगा."

मग आमच्या बाजूला स्टुलावर उभी राहून सुमन सांगत होती आणि पलीकडे एक डॉक्टरेट झालेला माणूस कणीक मळत होता. "पाणी कमी घाला! कमी म्हणजे कमी, सर!" "हो, पण किती? माप सांगा!" "अहो, हाताला कळतं!" "कोणाच्या?" कानबाईला बसवायला पाट नव्हता, तर चार जाडजूड संदर्भग्रंथ एकावर एक रचून त्यांच्यावर ती बसली होती. नथ त्यांनी बाजारातून आणली होती आणि नारळाला ती उलट्या बाजूला लावली होती. सुमनने स्टुलावरून ओरडून तीही सरळ करवून घेतली.

"तुमचा देवावर विश्वास आहे का हो?" मी विचारलं.

"नाही," सर म्हणाले. कपाळाला पीठ लागलं होतं. "पण ही बाई माझी साक्षीदार आहे."

गहू मापताना मात्र ते अडले. डोक्यामागे माप घ्यायचं, आणि घरात डोकं एक. सुमनने हळूच सांगितलं, "मग एकाचंच घ्या." एका माणसाचा रोट केवढा होतो ते मी त्या दिवशी बघितलं. दोन तळहातांवर मावत होता. खीर खाली लागली होती आणि पोळ्यांना सातपुड्यासारखे उंचवटे होते.

सोमवारी सकाळी आम्ही निघालो. गाडी मी चालवत होतो, सर मागे, मांडीवर फडक्यात बांधलेलं पान, त्यातच खिरीचा डबा. रस्ता संपल्यावर चिखल होता, चिखल संपल्यावर नाला. गाडी अलीकडे लावून, पँट गुडघ्यापर्यंत वर करून आम्ही तो ओलांडला. पाड्यावर पोचायला दुपार टळून गेली. सर वाटेत तीनदा म्हणाले होते, "त्यांना कळलंच नसेल तर? आपण कोण, हे त्यांना कसं समजावायचं?" त्यासाठी त्यांनी वहीत मुद्दे काढून आणले होते.

मुद्द्यांची गरज पडली नाही. कुडाच्या घरापुढे सारवून ठेवलेलं होतं. दारात एक म्हातारी बसली होती, भुरीबाई तिचं नाव. आत चूल थंड होती. त्या घरात या दिवशी रोट आल्याशिवाय चूल पेटवत नाहीत. यंदा कुणी येणार नाही असं तिला खालून कुणीतरी सांगितलं होतं, तरी तिने पेटवली नव्हती. सकाळपासून घर उपाशी होतं.

खाली शेतात मजुरीला जाऊन जाऊन तिला आमची बोली येत होती. तिने सरांच्या हातातलं फडकं बघितलं, उठली, आणि ते दोन्ही हातांनी घेतलं.

"उशीर कया," ती म्हणाली.

सर बोलायला लागले. पुरावा, भाऊबंदकी, थोरली पाती, धाकटी पाती. बाई ऐकत होती. त्यांचं झाल्यावर म्हणाली, "माहीत शे ना आमले."

सवयीने सरांनी विचारलं, "कोन्ही सांगं?"

"सासूनी."

"तिले?"

"तिनी सासूनी." मग तिने एका दमात सांगून टाकलं. दोन भाऊ होते. धाकटा खाली जातो म्हणाला. मोठा म्हणाला, जा, पण वर्षातून एकदा माझ्या ताटात जेव. धाकटा म्हणाला, मी नाही आलो तरी माझा घास येईल. "खाले गयात ते इसरी गयात," भुरीबाई म्हणाली. "घास मातर येस."

सरांनी वही काढली नाही. सहा महिन्यांचं संशोधन त्या बाईने पानात तंबाखू घालावी इतक्या सहज सांगितलं होतं.

तिने पान सोडलं, रोटाचा तुकडा मोडून तोंडात टाकला आणि चावता चावता थांबली. "हाई कोना हातनं शे?"

"मनं," सर म्हणाले.

"घरमा बाई नही?"

"नही."

"पोरं?"

"नही."

"माय?"

"मी रांगे तधळच गयी." हे सांगताना या माणसाचा आवाज कधी बदलत नाही, मी आधीही ऐकलं होतं. पण पुढचं वाक्य मी कधी ऐकलं नव्हतं. "यंदा भाऊबंदस्नी बी पान बंद कया. एकलाच शे मी."

भुरीबाईने हात धुतले. एका थाळीत उरलेला रोट, वर लागलेली खीर वाढली आणि थाळी सरांपुढे सरकवली.

"एकला कसा? मी तुनी मोठी माय लागस," ती म्हणाली. "बस. खाय."

सर बसले आणि खायला लागले. खाली मान घालून, भराभर, लहान पोरासारखे. मी खाटेच्या टोकाला बसलो होतो. मला रोट कुणी दिला नाही. आत चूल पेटली आणि मला काळा चहा आला, कारण मी परका होतो. आयुष्यात इतक्या आनंदाने मी कधी परका झालो नव्हतो. डोळ्यांत पाणी आलं ते चुलीच्या धुराने आलं असं मी सुमनला नंतर सांगितलं, आणि तिने "कोणी सांगितलं?" असं विचारलं नाही.

निघताना भुरीबाई आत गेली आणि पळसाच्या पानात बांधलेली चारोळी घेऊन आली. मूठभर असेल. तेवढी वेचायला किती दिवस लागतात ते मला ठाऊक आहे. सर नको म्हणायला लागले तर ती रागावली, घरातून पोरगा रिकाम्या हाताने जात नाही म्हणाली.

परतीचा रस्ता सगळा खड्ड्यांचा होता. मी दोनदा सांगितलं, "सर, मला धरून बसा, पडाल." पण त्यांनी पुडी दोन्ही हातांनी छातीशी धरली होती आणि ते काही केल्या हात सोडायला तयार नव्हते. शेवटी मीच गाडी सावकाश चालवली.